नवसाबाईंच्या घरची दप्तर-तपासणी

विषय : शिधापत्रिकेवर धान्य सुरू होणेबाबत.

संदर्भ : १) श्रीमती नवसाबाई यांचे तोंडी निवेदन, आमच्या मोरीच्या दारात.
२) माझी पत्नी लता हिचा तोंडी आदेश, त्याच दिवशी, त्याच दारात.
३) माझा अनुभव (वर्षे चौतीस).

उपरोक्त विषयास अनुसरून वाचकांस सादर करण्यात येते की, या प्रकरणात जे काही बिघडले ते संदर्भ क्रमांक तीनमुळे बिघडले. पहिले दोन संदर्भ निर्दोष आहेत.

मी निवृत्ती गांगुर्डे. नोकरीत असतानाही मला सगळे निवृत्तीच म्हणत, त्यामुळे प्रत्यक्ष निवृत्त झालो तेव्हा कार्यालयात फारसा फरक कोणाला जाणवला नाही. चौतीस वर्षं मी आवक-जावक सांभाळली. म्हणजे लोकांनी आणलेल्या अर्जावर शिक्का मारायचा, क्रमांक टाकायचा आणि अर्ज पुढच्या टेबलाकडे सरकवायचा. तिथे त्याचं काय होतं हे पाहणं माझ्या कामात येत नव्हतं. (पुढच्या टेबलाच्याही येत नसावं.)

नवसाबाई नऊ वर्षांपासून आमच्याकडे धुणंभांडी करतात. मूळच्या पेठ तालुक्याकडच्या. द्वारका चौकापासून आत, गॅरेजांच्या मागच्या गल्लीत त्यांची पत्र्याची खोली आहे. तिथे त्या आणि नववीतली नात राखी, अशा दोघीच राहतात. मुलगा सुनील पिंपळगावला द्राक्षांच्या पॅकहाऊसमध्ये कामाला होता. तो होता तोवर रेशनचं धान्य मागायची वेळ आली नाही. तीन वर्षांपूर्वी काविळीने तो गेला. सुनेने पुढे मनमाडला दुसरं घर केलं. उरलं ते केशरी कार्ड, आणि त्यावर धान्य नाही, कारण धान्य मिळणाऱ्यांच्या यादीत नाव नाही.

"भाऊसाहेब," नवसाबाई म्हणाल्या, "तो मोतीराम दुकानदार म्हणतो, यादीत नाव घालायला अर्ज करा. माणशी पाच किलो मिळंल. तेवढा एक कागद लिहून द्या ना."

"वीस तारखेच्या आत त्यांचं पीठ संपतं," लता त्याच दारात येऊन म्हणाली. "पुढचे दहा दिवस कसे काढतात ते त्यांनाच ठाऊक. आजच लिहून द्या. एकच तर कागद आहे!"

एकच कागद! आयुष्यभर मी एका कागदाचे अर्ज पाहिले होते. ते वाऱ्याने उडतात, दुसऱ्या अर्जाला चिकटून भलत्या विभागात जातात, आणि एकदा तर एका अर्जात साहेबांचा शिपाई भजी बांधून घेऊन आला होता. मी ठरवलं की आपण अर्ज करायचा नाही. आपण प्रकरण तयार करायचं.

प्रकरणाला तेवीस दिवस लागले. उत्पन्नाचा दाखला, आधार, लाइट बिल हे तर झालंच. शिवाय नवसाबाई ज्या चार घरी कामाला जातात त्या चारही घरांची पत्रं, सुनीलच्या मृत्यूचा दाखला, तीन पिढ्यांची वंशावळ, 'सदर कुटुंबाची पार्श्वभूमी' या मथळ्याचं सात पानी टिपण (हे मला स्वतःला फार आवडलं), सगळ्यावर पृष्ठांक, वर अनुक्रमणिका आणि बाजूने हिरवी लेस. एकूण पानं एक्क्याण्णव. मधल्या काळात वीस तारीख येऊन गेली. लताने मला न विचारता आमच्या डब्यातलं पीठ नवसाबाईंना दिलं. नवसाबाईंनी ते घेतलं, आणि दुसऱ्या दिवशी न सांगता आमच्या सगळ्या खिडक्यांच्या जाळ्या घासून ठेवल्या. लता त्यानंतर पीठ द्यायला कचरू लागली.

पुरवठा कार्यालयाच्या खिडकीवरच्या मुलीने फाइल पहिल्यापासून शेवटपर्यंत चाळली.

"काका, फॉर्म कुठंय?"

"कसला फॉर्म?"

"छापील फॉर्म. एक पानी. बाकी कशाची गरज नाही, तीन झेरॉक्स पुरे."

एक्क्याण्णव पानांत सर्व काही होतं. तेवढं एक पान नव्हतं. ते खिडकीवरच फुकट मिळत होतं. नवसाबाईंच्या शेजारच्या आबिदा त्याच रांगेत होत्या. त्यांचे यजमान हबीब रिक्षांची सीटकव्हरं शिवतात. आबिदांनी भिंतीवर लावलेला नमुना बघून, कागद भिंतीला टेकवून, उभ्याउभ्या आपला फॉर्म भरला होता. माझ्या फाइलकडे पाहून त्या घाबरल्या.

"चाचा, इतना सब लगता है क्या?"

"लागत नाही," मी गंभीरपणे म्हणालो, "पण असावं."

दोन्ही अर्ज एकाच दिवशी दाखल झाले. आठवड्याने मला फोन आला (संपर्क क्रमांक मी माझा दिला होता): पुरवठा निरीक्षक गुरुवारी सकाळी घर पाहायला येतील.

आता इथे थोडी पार्श्वभूमी देणं भाग आहे. आमच्या कार्यालयात वर्षातून एकदा वरिष्ठांची दप्तर-तपासणी होई. आदल्या दिवशी आम्ही शेजारच्या बँकेतून कुंड्या आणायचो, शाळेतून खुर्च्या, कोणाच्या तरी घरून टेबलक्लॉथ. प्रलंबित फायली पोत्यात भरून संडासात ठेवायचो आणि दारावर 'नादुरुस्त' अशी पाटी लावायचो. साहेब पाहायचे, कुंडीला हात लावायचे आणि 'समाधानकारक' असा शेरा मारून जेवायला जायचे. चौतीस वर्षांत तपासणी म्हणजे काय हे मला याच रीतीने समजलं होतं.

बुधवारी मी आमचं टेबल, चार खुर्च्या, भिंतीवरचं घड्याळ आणि लताचा काचेचा डिनर सेट मालवाहू रिक्षात घातला.

"अहो, तिला गरीब दाखवायचंय की श्रीमंत?" लताने विचारलं.

"गरिबी वेगळी आणि गबाळेपणा वेगळा," मी म्हणालो. "शासन दारात येतंय. बसायला खुर्ची नको?"

"चार?"

मी रिक्षावाल्याला रिक्षा सुरू करायला सांगितली.

साहेब येणार हे कळताच गल्लीलाही चेव आला. आबिदांनी त्यांचा कूलर दिला, दारावरचा पडदा दिला, आणि कपाटात मांडून ठेवलेले सहा सरबताचे ग्लास दिले. त्यांच्या खोलीत जे काही डोळ्यात भरण्यासारखं होतं, ते सगळं भिंतीपलीकडून अलीकडे आलं. नवसाबाई खोलीच्या मध्यभागी उभ्या राहून बघत होत्या.

"सुनील असता तर फोटो काढला असता," त्या म्हणाल्या.

शेवटी मी पूर्ण खोलीवर नजर फिरवली. कोपऱ्यात पिठाचा डबा होता. पोचा आलेला, झाकण वाकडं. तो दृश्याला शोभत नव्हता. मी तो उचलून खाटेखाली, गोधडीमागे सरकवला. (हलका लागला. तेव्हा मला ती सोय वाटली.) मग नवसाबाईंना शेवटची सूचना दिली, "साहेब काही विचारतील तर चाचरायचं नाही. घराची लाज राखायची."

निरीक्षक फरहान तरुण होता. मोटरसायकल लावून, बूट काढून आत आला आणि कूलरच्या गार वाऱ्यात क्षणभर थबकला. मग मोबाइल काढला.

"आजी, कूलर तुमचा?"

नवसाबाईंनी माझ्याकडे पाहिलं. मी मान ताठ करून दाखवली.

"हां साहेब. आमचाच हाय."

"टेबल?"

"आमचंच."

"हा काचेचा सेट?"

"आमचाच."

त्याच वेळी लता पोहे घेऊन दारात आली. "अहो साहेब, तो सेट..." तिने सुरुवात केली. तपासणी चालू असताना तिऱ्हाइताने मध्ये बोलायचं नसतं, असं मी तिला खुणेने सुचवलं. ती खूण इतकी तीव्र झाली की फरहानने माझ्याकडे पाहिलं.

"आणि आपण?"

"निवृत्त वरिष्ठ लिपिक," मी उठून म्हणालो आणि पुन्हा हातांच्या खुर्चीत बसलो. त्याने फोटो घेतला. फोटोत मध्यभागी मी, डोक्यावर घड्याळ, उजवीकडे कूलर. नवसाबाई डावीकडे अर्ध्या आल्या.

"घर छान ठेवलंय, काका."

"धन्यवाद," मी म्हणालो. माझ्या एकट्याच्या वाट्याला आलेला तो आयुष्यातला पहिला 'समाधानकारक' होता.

फरहान तिथून शेजारी आबिदांकडे गेला. पत्र्यापलीकडून आवाज येत होता.

"भाभी, बाकी सामान?"

"जो है सामने है, साहब."

समोर काहीच नव्हतं. आबिदा खोटं बोलत नव्हत्या.

मोटरसायकल गेल्यावर लता माझ्याकडे न पाहता नवसाबाईंना म्हणाली, "तुम्ही का म्हणालात सगळं तुमचं?"

"असं कसं ताई?" नवसाबाई म्हणाल्या. "भाऊसाहेबांनी कालपासून एवढं मांडलं. उसनं हाय म्हणाले असते तर साहेबांपुढं त्यांची काय इज्जत राहिली असती?"

मला तेव्हा बसावंसं वाटलं, पण खुर्चीत बसवेना. मी खाटेवर बसलो. पाय मागे घेतला तर डब्याला लागला. डबा वाजला. भरलेला डबा असा वाजत नाही.

लताने वाकून तो बाहेर काढला आणि झाकण उघडलं. तळाशी एका भाकरीपुरतं पीठ होतं. त्या दिवशी महिन्याची अठरा तारीख होती.

मी एक्क्याण्णव पानं जोडली होती. दाखवण्यासारखा पुरावा एकच होता, आणि तो मी माझ्या हाताने खाटेखाली सारला होता. लताने पोह्यांचं पातेलं नवसाबाईंच्या ओट्यावर ठेवलं आणि रिक्षा बघायला निघून गेली. तेहतीस वर्षांच्या संसारात ती बोलली नाही असे प्रसंग मला बोटांवर मोजता येतात, आणि त्यातला एकही माझ्या बाजूने गेलेला नाही.

दुसऱ्या दिवशी मी पुरवठा कार्यालयात जाऊन फरहानसमोर उभा राहिलो आणि सगळं सांगितलं. टेबल माझं, घड्याळ माझं, सेट बायकोचा, कूलर शेजारणीचा, डबा खाटेखाली.

त्याने हातातलं पेन खाली ठेवलं.

"काका, रेशनच्या पाहणीला लोक सामान लपवतात. पाहणीसाठी सामान आणलेलं मी पहिल्यांदा पाहिलं."

"चूक माझी आहे. बाईंची नाही. ते धान्य त्यांना खरंच हवं आहे."

"ते मला दिसतंय. पण अहवाल वर गेला. आता लेखी खुलासा द्या, पुन्हा पाहणी लागेल." मग म्हणाला, "आणि या वेळी मी सांगून येणार नाही."

मी त्याच दिवशी खुलासा दिला. एका पानात. लताने समोर बसून लिहून घेतला आणि 'पार्श्वभूमी' हा शब्द दोनदा खोडला.

पुढच्या महिन्यात आबिदांचं नाव यादीत आलं. ते यायलाच हवं होतं. हबीबला महिन्यातले निम्मे दिवस काम नसतं. पहिलं धान्य मिळालं त्या संध्याकाळी त्या गव्हाची पिशवी घेऊन नवसाबाईंच्या दारात आल्या. मी खिडक्यांच्या जाळ्यांचा प्रकार जाणून होतो, त्यामुळे नवसाबाई घेणार नाहीत याची मला खात्री होती.

"मौसी, रख लो."

"नको गं बाई. तुमच्या पोरांच्या तोंडचं."

"काहे का तोंडचं? कूलर का भाडा है. एक दिन चला ना तुम्हारे यहाँ?"

"मंग भाडं मी द्यायचं का तू?" नवसाबाई म्हणाल्या.

आबिदांनी क्षणभर विचार केला. "तुम्हारे घर में गया तभी तो मेरा काम हुआ. तो भाडा मैं दूँगी."

हिशेब नवसाबाईंना पटला. त्यांनी पिशवी घेतली, आणि जाळ्या वगैरे काही घासल्या नाहीत. एवढी साधी टिपणी चौतीस वर्षांत माझ्या हातून एकदाही लिहून झाली नव्हती.

राहता राहिला अर्ज. मागील सोमवारी त्यावर एक शंका निघाली. तिची प्रत माझ्याकडे आली आहे : 'छायाचित्रात खुर्चीवर बसलेल्या निवृत्तिवेतनधारक इसमाचा अर्जदाराशी नेमका संबंध काय, याचा खुलासा व्हावा.'

मी लताला विचारलं, काय लिहू?

"लिहू नका काही," ती म्हणाली. "मीच लिहिते."

तिने लिहिलेला खुलासा एका ओळीचा होता. तो दुसऱ्याच दिवशी स्वीकारला गेला, म्हणून इथे देतो : 'सदर इसम अर्जदाराचा कोणीही नसून माझा नवरा आहे, व त्याचे अर्जदारास काहीही साहाय्य नाही.'

सद्यःस्थिती : दुसरी पाहणी अद्याप झालेली नाही. अर्ज प्रलंबित आहे. पिठाचा डबा दारासमोर, झाकण काढून ठेवण्यात आला आहे. सदर इसम स्वगृही असून, पुढील आदेश होईपर्यंत त्यास त्या गल्लीत जाण्यास मनाई आहे.