ताटलीतले गुलाबी धणे

कोथिंबीर लावण्याइतकं सोपं काम जगात दुसरं नाही! हे मी बायकोला छाती पुढे काढून सांगितलं होतं.

"तीन आठवड्यांनी भाजीवाल्याचं तोंडसुद्धा बघायचं नाही. कोथिंबीर हवी? बाल्कनीत जायचं आणि खुडून आणायची!"

"पुदिन्याच्या वेळीही असंच म्हणाला होतात," बायको म्हणाली.

पुदिना म्हणे कुठेही तग धरतो. आमच्याकडे त्याने पंधरा दिवसांत मान टाकली. पण तो विषय वेगळा.

बियाण्याच्या दुकानातून पाकीट आणलं. फोडून बघतो तर धणे गुलाबी! लग्नाला निघाल्यासारखे! दुकानदाराने बजावलंच होतं, "बियाण्याला औषध चोळलंय. तोंडात घालू नका, हात धुवा."

"मी काय बी खाणार आहे?" मी हसलो होतो.

एका धण्यात दोन बिया असतात, म्हणून ते आधी फोडावे लागतात. मी वर्तमानपत्रावर पसरून जुन्या चपलेने ते हलकेच रगडले, ताटलीत काढले आणि ताटली बाल्कनीतल्या स्टुलावर ठेवली. तीन कुंड्यांत माती भरली. आता फक्त पेरायचं. पण कंबर धरली. म्हटलं, उद्या. उद्याचा परवा झाला. असे चार दिवस गेले.

रविवारी सकाळी बाल्कनीत गेलो तर ताटली लख्ख रिकामी! आणि शेजारच्या खुर्चीत माझे सासरे. महिनाभरासाठी राहायला आलेले, वय अठ्ठ्याहत्तर, कानाने अधू. डोळे मिटलेले आणि तोंड चालू. कुडुम, कुडुम!

मी त्यांच्या कानाशी ओरडलो, "बाबा, काय खाताय?"

"धणे!"

"ताटलीतले? ताटलीतले कुठे गेले?"

"संपवले सगळे! एकही नाही ठेवला!" सासरे अभिमानाने म्हणाले.

मी बोंब ठोकली. बायको कणकेच्या हातांनी धावत आली. सगळा प्रकार ऐकून तिने आधी माझ्याकडे बघितलं (ते बघणं मी इथे लिहू शकत नाही) आणि मग डॉक्टरीणबाईंना फोन लावला.

"पाकीट घेऊन लगेच या," त्या म्हणाल्या. "औषध कुठलं आहे ते कळायला हवं."

पाकीट? ते मी आदल्या दिवशीच कचऱ्यात टाकलं होतं! जिने उतरून इमारतीच्या कचऱ्याच्या पिंपात खांद्यापर्यंत शिरलो. तळमजल्यावरच्या काकू खिडकीतून म्हणाल्या, "काही हरवलंय का हो?"

"सासरे!" मी म्हणालो. घाईत वाक्य पुरं करायला सुचलंच नाही. काकूंनी खिडकी लावून घेतली.

पाकीट सापडलं. त्याला अंड्याची टरफलं चिकटली होती, पण सापडलं! सासऱ्यांना लेंग्यावरच गाडीत घातलं. ते मात्र मजेत. खिडकीची काच खाली करून म्हणतात, "बऱ्याच दिवसांनी बाहेर काढलंत. कुठे निघालोय?"

"दवाखान्यात!" बायको रडवेली होऊन ओरडली.

"बागेत? छान! मला बागा आवडतात."

मी गाडी चालवत होतो. या माणसाने मला पहिल्या भेटीत एकही प्रश्न न विचारता मुलगी दिली होती. आणि मी त्यांना काय दिलं? चपलेने रगडलेलं विष!

डॉक्टरीणबाईंनी जीभ बघितली, नाडी बघितली, डोळ्यांत बॅटरी मारली. कपाळाला आठी. "जिभेवर रंग कसा नाही?" मग कानाशी तोंड नेऊन त्यांनी मोठ्याने विचारलं, "आजोबा, गुलाबी धणे खाल्लेत?"

"गुलाबी?" सासरे चमकले. "ते कोण खाईल? पाकिटावर लिहिलंय की, खाऊ नये म्हणून! मी स्वयंपाकघरातल्या डब्यातले खाल्ले. साधे."

"मग ताटलीतले?"

"पेरले! काल तिन्ही कुंड्यांत, बोटभर अंतरावर. पाणीही घातलं. जावईबापू चार दिवस नुसते ताटलीभोवती फिरत होते. म्हटलं, संपवून टाकू एकदाचं!"

"हात धुतलेत?"

"दोनदा. साबणाने."

मग बायको हसायला लागली, हसता हसता रडायला लागली. मी तर सासऱ्यांना कडकडून मिठीच मारली. त्यांच्या खांद्यावर अंड्याचं टरफल लागलं. ते माझी पाठ थोपटत म्हणाले, "असू दे, असू दे. काय झालंय तुम्हाला?" छातीवरचा धोंडा उतरणं म्हणजे काय, ते मला त्या दिवशी कळलं. परतताना तिघांनी आइस्क्रीम खाल्लं. सासऱ्यांनी दोन.

बाराव्या दिवशी कोंब आले. महिन्याभरात तिन्ही कुंड्या हिरव्यागार! सासऱ्यांनी मुक्काम वाढवला, आणि आता येईल त्याला ते हाताला धरून बाल्कनीत नेतात. "बघा," म्हणतात, "आमच्या जावईबापूंनी स्वतः पेरलीय!"

मी नम्रपणे मान खाली घालतो. बायकोला मात्र नेमका तेव्हाच ठसका लागतो.