लास्लोकाकांची मरणं

लास्लोकाका पहिल्यांदा मेले ते आमच्या लिफ्टसमोर. "खलास!" म्हणाले आणि धाडकन आडवे. हातात खुबूस रोट्यांचं पाकीट, डोळे छताला. मी किंचाळले. काका शांतपणे उठले, कपडे झटकले. "डावा पाय जास्त हलला ना, मॅडम?" आता सवय झालीय. मुलगी दारातूनच सांगते, "आई, अंकल इज डेड अगेन!" मी म्हणते, "असू दे. ओलांडू नकोस, वळसा घालून जा."

काका हंगेरीचे. बुडापेस्टच्या नाटक-सिनेमांत अख्खी हयात मरण्यात गेली. वेटर म्हणून मेले, पाद्री म्हणून मेले, एकदा पोस्टमन होते तर पत्र देण्याआधीच गेले. "हिरो कोणीही होतो," ते ऐकवतात, "नीट मरायला तालीम लागते." बायको गेल्यावर इथे शारजात मुलीकडे आले. इल्दिको विमान कंपनीत आहे. इकडच्या जाहिरातींत काका गोरे आजोबा होतात, पण त्यात कोणी मरू देत नाही. त्याचं त्यांना भारी दुःख.

यंदा इथल्या मराठी मंडळाच्या गणपतीतल्या एकांकिकेत गोरा साहेब होता. त्याला चहातून विष घालायचं होतं. एरवी कुलकर्ण्यांना पावडर थापली असती, पण अस्सल माल शेजारीच! दिग्दर्शक आमचे हे. "काका, दोन मिनिटांत मरा. महाप्रसाद थंड होतो."

काका हरखले. मग मला बाजूला घेऊन म्हणाले, "इल्दिको येईल?" ती सहा वर्षांची असताना पहिल्या रांगेत बसली होती. स्टेजवर बापाला सुरा लागला. पोर "बाबा, ऊठ!" म्हणून आक्रोश करत होती आणि हा बाबा हलला नाही. नाटक मोडायचं नाही ना! त्यानंतर तिने त्यांचं एकही काम पाहिलं नाही. "नट बरा होतो मी," काका म्हणाले. "बाप कच्चा." एकदा तरी तिने पाहावं, एवढंच त्यांना हवं होतं.

मी गळ घातली. आली बिचारी.

नारळ वाढवला, तिसरी घंटा झाली. काकांनी चहा घेतला आणि असे मेले, की मागच्या रांगेतलं वेफर्सचं कुरुमकुरुमसुद्धा थांबलं. मग टाळ्यांचा कडकडाट, आणि आपल्या लोकांची जुनी खोड, कोणीतरी ओरडलं, "वन्स मोअर!" झालं! अख्खा हॉल सुरू. काका ढिम्म. प्रेत म्हणजे प्रेत.

इल्दिको माझी ओढणी चुरगाळत बसली होती. एकाएकी उभी राहिली आणि हंगेरियनमध्ये ओरडली. मला कुठली येतेय हंगेरियन? पण ती काय म्हणाली ते मला लख्ख कळलं.

काका उठले. गुडघ्यावर हात टेकत, कण्हत, म्हातारं माणूस उठतं तसे. विंगेतून हे दातओठ खात होते, "झोपा हो काका! पुढचं सगळं तुमच्या खुनावर आहे!" काकांनी तिकडे पाहिलंही नाही. पायऱ्या उतरून खाली आले. लोकांना वाटलं, हेही नाटकातलंच; टाळ्या काही थांबेनात.

काकांनी लेकीचा हात घेतला आणि आपल्या छातीवर दाबून धरला, आत धडधडतंय ते तिला कळावं म्हणून.