अंगणराज्यावर पिसकिड्यांची स्वारी आणि तांबड्या राणीसरकारांचे स्नान

श्री कुलस्वामिनीस दंडवत घालून, तुळशीपुढील दिवा साक्षी ठेवून लिहिले ऐसे जे, शके अठराशे नव्वद, कीलक नाम संवत्सर, वैशाख मासी एका अनाम राज्यी अरिष्ट आले. राज्य म्हणजे घरापुढील अंगण, राजधानी म्हणजे खुराडे, आणि प्रजा म्हणजे चौदा कोंबड्या व एक कोंबडा. त्यांच्या मालकीण अनसाबाईसाहेब परम भाविक. पाडव्यापासून त्यांनी वर्षाचे व्रत धरिले होते की, रोज सारे अंगण शेणाने सारवावे, तसूभर जागा उघडी ठेवू नये, आणि मगच मुखी पाणी घ्यावे. त्यायोगे राज्य लख्ख जाहले आणि लोक वाखाणू लागले.

अशात तांबड्या राणीसरकार अकरा अंड्यांवर बसल्या होत्या. त्यांच्या पिसांच्या मुळाशी भुकटीएवढा बारीक किडा फौजेनिशी उतरला आणि रक्त शोषू लागला, मग तुरा पांढरा पडला, मानेची पिसे झडली, आणि खाजेने हैराण होऊन राणीसरकार वरचेवर अंडी टाकून उठू लागल्या. अनसाबाईंनी अंडी हाती घेतली तो ती निवू लागलेली. त्यांनी धूप दाखविला, अंगारा लाविला, आणि दुसरे दिवशी सारवण दुप्पट जाड घातले. तरी गनीम हटेना.

मग शेजारच्या धुरपदामावशी आल्या. वय सत्तर, जिभेस लगाम नाही. त्यांनी राणीसरकारांस उलटे धरून पिसांत फुंकर घातली आणि बोलिल्या, "अगं अनसे, हिला अंघोळ कधी?"

"कोंबडीला कसली अंघोळ, मावशी?"

"मातीची! पाखरू धुळीत लोळतं तेव्हा किडा झडतो. तू तर अंगणाचा गाभारा केलास. बिचारीनं लोळावं कुठं, तुझ्या डोक्यावर?"

"पण मावशी, तसूभर उघडं ठेवणार नाही, असं देवापुढं बोलून बसलेय."

"मग बस बोललेलं राखत. अंडी मी नेते पोळीला."

बाईसाहेबांनी तुळशीपुढे डोके टेकविले. मग उठल्या आणि स्वहस्ते कुदळीने कोपऱ्यातले परातीएवढे सारवण उकरिले, त्यात कोरडी माती आणि चुलीची चाळलेली थंड राख घातली, आणि खुराडे उकळत्या पाण्याने धुवून, जुने गवत जाळून अंडी नव्या गवतावर ठेविली. राणीसरकार खळग्यात उतरल्या आणि पंख पसरून, डोळे मिटून ऐशा लोळल्या की पर्वणीचे स्नानच. मग अंग झाडून थेट अंड्यांवर जाऊन बसल्या. रोज तोच क्रम चालला, आणि आठ पिल्ले निघाली.

खळगा उकरिला त्याच्या दुसरे दिवशी सारवताना मात्र बाईंचा हात खळग्याच्या काठाशी थांबला होता. त्यांनी भोवती रांगोळी काढिली, ती कोंबड्यांनी घटकेत विसकटली.

"मोडलं का गं व्रत?" मावशींनी पुसिले.

"मोडलं असेल," बाई हळू म्हणाल्या. "देव रागावला तर मलाच रागावेल. त्या पाखरांना काय त्याचं!"

तात्पर्य, अरिष्ट टळले, आणि हकीकत जैसी जाहली तैसी लिहिली. तो खळगा अद्याप उघडा आहे, आणि त्याभोवतीची रांगोळी रोज विसकटते, रोज नवी होते.