मॅकरोनी कुणी केलीय?

आमच्या व्हिटफील्ड घराण्यात नोव्हेंबरातल्या थँक्सगिव्हिंग सणाच्या जेवणासाठी चीज घातलेली मॅकरोनी करण्याचा अधिकार एका वेळी एकाच व्यक्तीकडे असतो. सध्या तो माझी थोरली बहीण आर्नेस्टीन हिच्याकडे आहे. टर्की कुणीही भाजावी, टर्कीची चौकशी होत नाही. मॅकरोनीची होते. ताटली हातात घेऊन रांगेत उभा राहिलेला प्रत्येक माणूस मॅकरोनीच्या भांड्यापाशी थांबतो आणि हळू आवाजात विचारतो, "कुणी केलीय?" उत्तर समाधानकारक असेल तरच ताटली पुढे होते.

या पदापर्यंत पोचण्याची रीत ठरलेली आहे. घरात नव्याने आलेल्या माणसाने आधी बर्फ आणायचा. बर्फाच्या पिशव्या वेळेवर आणि न वितळता येऊ लागल्या की त्याला कागदी ताटल्यांवर बढती मिळते. ताटल्यांनंतर पाव, पावानंतर फरसबी, फरसबीनंतर पालेभाजी. पालेभाजीपर्यंत बहुतेकांचे गुडघे गेलेले असतात. मी स्वतः पावावर आहे आणि मला त्याची खंत नाही. यातलं काहीही कुठे लिहिलेलं नाही. लिहिलेल्या नियमावर अपील करता येतं, हे मी बांधकाम परवान्यांच्या कचेरीत उभी हयात घालवून शिकलो. न लिहिलेल्या नियमावर फक्त रुसता येतं.

तर अशी सुरळीत व्यवस्था चालू असताना, ऑक्टोबरात आर्नेस्टीन चर्चच्या पायरीवर घसरली आणि तिचा उजवा खांदा निखळला. डॉक्टरांनी हात गळ्यात बांधला आणि नाताळपर्यंत काही उचलायचं नाही, ढवळायचं नाही असं बजावलं. आम्ही सगळे दवाखान्याच्या खोलीत रडत होतो. डॉक्टरांना वाटलं, पेशंटवर फार जीव आहे लोकांचा. त्यांचा गैरसमज दूर करण्याची ती वेळ नव्हती.

पुढच्या रविवारी प्रार्थना आटोपून सगळे आर्नेस्टीनच्या दिवाणखान्यात जमलो. आमची धाकटी बहीण व्हर्डेल अध्यक्षस्थानी होती, कारण ती जिथे बसते तिथे अध्यक्षस्थान आपोआप तयार होतं. तिने विचारलं की आता कोण. मग कोपऱ्यातून हात वर झाला. तो इमानीचा होता. इमानी म्हणजे आमच्या दिवंगत भावाच्या मुलाची, टरेलची बायको. पोरगी चांगली आहे, पण गेली काही वर्षं कागदी ताटल्यांवर आहे.

"काका," ती माझ्याकडे बघत म्हणाली, "आई जाऊन वर्ष होईल आता. तिच्या पद्धतीची मॅकरोनी मी नाही केली, तर ती यापुढे कुणीच करणार नाही. एकदा तिचा पदार्थ भरल्या घरात टेबलावर ठेवायचाय मला. एकदाच."

खोटं कशाला सांगू, माझा घसा दाटून आला. पण कार्यपद्धती घशावर चालत नाही.

व्हर्डेलने चौकशी सुरू केली. आई कुठली, हा पहिला प्रश्न. इमानी म्हणाली, ओहायोची, टोलीडोची. व्हर्डेलने खिडकीतून उत्तरेकडे पाहिलं, जणू नॉर्थ कॅरोलिनातून टोलीडो दिसतं आणि ते जसं असावं तसं नाही.

"तिकडे खातात मॅकरोनी?"

"खातात, आत्या."

"अंडी किती घालायची तुझी आई?"

"अंडी नाही. लोण्यावर पीठ परतायचं, त्यात दूध, मग चीज. सैलसर असते. चमच्याने वाढायची."

खोलीत चुळबूळ झाली. आमच्याकडे मॅकरोनी अंडी घालून भाजतात. ती सुरीने कापतात आणि तिचा तुकडा ताटलीत स्वतःच्या पायावर उभा राहतो. व्हर्डेल शांतपणे म्हणाली, "चमच्याने वाढतात त्याला सूप म्हणतात, बाळ."

टरेल मध्ये पडला. आधी खाऊन तर बघा, असं तो म्हणाला. तरुण माणूस, त्याला वाटलं हे सोपं आहे. पण आमच्या घरात अधिकार नसलेल्या हातची मॅकरोनी कुणी तोंडात घालत नाही. वाटेल त्याच्या हातचं खायला आपल्याला काय कुणी टाकून दिलंय का, असं व्हर्डेल चारचौघात म्हणत असते. आणि चव घेतल्याशिवाय अधिकार देता येत नाही, हेही उघड आहे. म्हणजे अधिकारासाठी चव आणि चवीसाठी अधिकार. असे पेच मी कचेरीत रोज सोडवत असे. म्हणजे न सोडवता पुढच्या टेबलावर सरकवत असे. इथे पुढचं टेबल नव्हतं.

शेवटी ठरलं की चाचणी घ्यायची, पण तोंड वगळून. बघायचं, वास घ्यायचा आणि कान द्यायचा. त्यासाठी व्हर्डेल आणि मी इमानीच्या घरी गेलो. दारातच एक तांबूस मांजर पायात घोटाळलं. त्याचं नाव बिस्किट. व्हर्डेल उंबरठ्यावरच थांबली. ज्या घरात मांजर ओट्यावर चढतं त्या घरचं अन्न खायचं नसतं, एवढं आमच्याकडे लहान मुलालाही कळतं.

"चढत नाही हो आत्या," इमानी काकुळतीला येऊन म्हणाली.

"तुझ्यासमोर चढत नसेल."

मांजराची बाजू ऐकण्याची सोय नसल्यामुळे त्याला चौकशी पूर्ण होईपर्यंत माझ्या घरी ठेवण्याचा निर्णय झाला. मी त्याला टोपलीत घालून नेलं. टोपली उघडली तसं ते ताडकन माझ्या ओट्यावर चढलं आणि पावाच्या डब्याला टेकून झोपलं. मी प्रामाणिक माणूस आहे, मी ही गोष्ट व्हर्डेलला कळवली. तिने त्याच क्षणी माझा पाव स्थगित केला. इमानीच्या ओट्याबद्दल मात्र काहीच सिद्ध झालं नाही, त्यामुळे तिचा अर्ज जिवंत राहिला.

चाचणीच्या दिवशी इमानीने चीजचा अख्खा ठोकळा आमच्यासमोर किसला. पिशवीतलं किसलेलं आणलं असतं तर आम्ही तिथूनच परतलो असतो. लोणी फेसाळलं, त्यात पीठ पडलं, दूध थोडं थोडं करत गेलं. मग तिने गॅस बंद केला.

"का विझवलास?" व्हर्डेलने लगेच विचारलं.

"चीज विझवल्यावरच घालायचं. आई म्हणायची, घाई केली की ते फाटतं, मग कितीही समजूत घाला, परत एक होत नाही."

चीज वितळून चमच्यावरून संथ उतरायला लागलं. तिने उकडलेली मॅकरोनी त्यात सोडली आणि ढवळली, तेव्हा चिखलातून बूट ओढल्यासारखा आवाज झाला. व्हर्डेलने तो संशयास्पद ठरवला. वासाबद्दल तिने मत राखून ठेवलं, पण डोळे बराच वेळ मिटलेले होते. माझ्या तोंडाला पाणी सुटलं आणि मी आवंढा गिळला. तो व्हर्डेलला दिसला. आवंढा म्हणजे पक्षपात, असं सांगून तिने माझं मत बाद केलं.

मग त्रयस्थ साक्षीदार हवा म्हणून पोस्टमनला आत बोलावलं. त्याने एक वाटी खाल्ली, न विचारता दुसरी घेतली आणि या घराला रोज पत्र येईल असं बघतो म्हणाला. त्याची साक्षही फेटाळली गेली. ज्याला आवडली तो निःपक्षपाती कसा, असा व्हर्डेलचा मुद्दा होता. न आवडलेला माणूस मिळेपर्यंत थांबावं लागणार होतं, आणि तसा कुणी सापडेना.

अशा नाजूक वेळी अटलांटाहून व्हर्डेलच्याच मुलाचा, लोरेंझोचा फोन आला. तो हल्ली पोटाच्या आरोग्याविषयी फार बोलतो. त्याने सुचवलं की या वर्षी तो काजू भिजवून, वाटून, दुधाचा थेंबही नसलेलं चीज करील आणि मॅकरोनीऐवजी भोपळ्याच्या सळ्या वापरील. व्हर्डेलने सगळं ऐकून घेतलं. मग ती पोटच्या पोराला म्हणाली, "तुम्ही चुकीचा नंबर लावलाय," आणि फोन ठेवला. लोरेंझोकडे अनेक वर्षं बर्फाचं काम होतं, तेही गेलं. घराण्याच्या इतिहासात बर्फावरून खाली उतरवलेला तो पहिलाच माणूस.

थँक्सगिव्हिंगला दोन दिवस उरले. मॅकरोनी कुणाचीच नाही, पाव स्थगित, बर्फ रद्द. अशा वेळी माझा अनुभव कामी आला. मी म्हटलं, अधिकार आर्नेस्टीनकडेच राहू द्या. ती इमानीच्या स्वयंपाकघरात बसेल आणि डावा हात इमानीच्या खांद्यावर ठेवील. हात खांद्यावर आहे तोवर इमानी जे करील ते आर्नेस्टीनने केलं असं समजायचं. व्हर्डेलला यात खोट काढता येईना. आर्नेस्टीन, जी इतके दिवस एक शब्द बोलली नव्हती, म्हणाली, "खुर्ची तेवढी चाकांची आणा. माझ्याच्यानं उभं राहवणार नाही."

त्याप्रमाणे सगळं झालं. इमानी फ्रिजकडे वळली की टरेल आत्याची खुर्ची फ्रिजकडे ढकलायचा, ती शेगडीकडे गेली की शेगडीकडे. दोनदा वळणावर हात निसटला. त्या अवधीत पातेल्यात पडलेली चीजची मूठ अनधिकृत ठरली. ती चिमट्याने बाहेर काढून, हात पुन्हा खांद्यावर ठेवून, पुन्हा घातली. एकदा इमानी डोळे पुसायला थांबली. डोळे पुसणंही आर्नेस्टीनच्या नावावर धरायचं का, असं मी विचारलं.

थँक्सगिव्हिंगला घर माणसांनी भरलं. पेयं कोमट होती, पाव नव्हता, पण मॅकरोनी टेबलावर होती. रांग पुढे सरकली. पहिल्या माणसाने वाकून नेहमीचा प्रश्न विचारला.

"आर्नेस्टीनताईनं," व्हर्डेल सर्वांना ऐकू जाईल अशा बेताने म्हणाली.

मग चमचे चालले. माणसं बसली तिथे गप्प झाली, आणि आमच्याकडे माणसं गप्प होणं ही साधी गोष्ट नाही. थोड्या वेळाने स्तुती सुरू झाली. दुखऱ्या हाताने इतकी, तर धड हाताने किती, असं कुणी म्हणालं. परक्या हाताला ही चव यायची नाही, असं दुसऱ्याने सांगितलं. एका चुलतभावाला आमची आजी आठवली आणि त्याने टोपी काढली. व्हर्डेलने भांड्याच्या कोपऱ्यात चिकटलेलं चीज खरवडून घेतलं, मग समोरच्या कोपऱ्यातलं. मी तिसऱ्यांदा वाढून घेतलं, ते केवळ खात्री करण्यासाठी.

इमानी कागदी ताटल्यांचा गठ्ठा छातीशी धरून भिंतीला टेकून उभी होती. तिचा चेहरा मला बघवेना. माझ्याकडून तोंड उघडलं गेलं नाही, कारण ते भरलेलं होतं. शेवटी तीच बोलली, फार मोठ्याने नाही.

"ही माझ्या आईची आहे."

चमचे थांबले. सगळ्यांनी व्हर्डेलकडे पाहिलं. तिच्या तोंडात घास होता. तो तिने सावकाश चावला, गिळला आणि ओठ टिपले.

"मला वाटलंच," ती म्हणाली. "पहिल्याच घासाला वाटलं, काहीतरी कमी आहे."

मग सगळ्यांनाच वाटलेलं निघालं. एकाला ती सैल लागली होती, दुसऱ्याला चीज जास्त. आजी आठवलेल्या चुलतभावाने टोपी परत घातली आणि म्हणाला की आठवलेली आजी बहुधा दुसऱ्या बाजूची असावी. या हरकती नोंदवताना लोक बोटाने भांडं निपटत होते, कारण पाव नव्हता.

आर्नेस्टीनने ताटली खाली ठेवली. ती लख्ख होती. "इकडे ये," तिने इमानीला बोलावलं. "आईचं नाव काय गं तुझ्या?"

"क्लोडेट."

"क्लोडेटनं चांगलं शिकवलंय तुला."

असं वाक्य आर्नेस्टीनने कुणाबद्दल उच्चारलेलं आमच्या ऐकिवात नव्हतं. आता ती पुढे काय म्हणते याकडे सगळ्यांचे कान लागले. आर्नेस्टीनने डाव्या हाताने तिचा गाल थोपटला.

"पुढच्या वर्षी," ती म्हणाली, "तू पाव आण."

टाळ्या पडल्या. इतकी झटपट बढती आमच्याकडे क्वचितच झाली असेल. इमानी रडली. आनंदानेच रडली, असं त्याच वेळी एकमताने ठरलं. मांजर मी ठेवून घेतलं आहे, कारण ते परत गेलं तर तिचा पावही जाईल.

तुम्हाला हे सगळं वेडगळ वाटत असेल. वाटू द्या. फक्त कधी शेजारून झाकलेली वाटी आली की झाकण काढायच्या आधी, वास घ्यायच्याही आधी, तुमच्या तोंडून काय निघतं ते ऐका. कशी झालीय, असं निघालं तर तुमचं खुशाल चालू द्या. कुणी केलीय, असं निघालं तर तुम्ही आमच्यातलेच. पुढच्या थँक्सगिव्हिंगला जरूर या. बर्फाची जागा रिकामी आहे.