छत्रीखालचा लेट्यूस

आमच्या आळीत ऊन चढलं की माणसं उन्हात आणि पालेभाजी छत्रीखाली असते. हा उलटा न्याय अब्बासचाचांचा. मासळीच्या थर्माकोलच्या खोक्यांत माती भरून त्यांनी परसात लेट्यूस लावलाय. बर्गरमध्ये असतो ना, तोच कुरकुरीत पाला. प्रत्येक खोक्यावर एकेक छत्री उघडून बांधलेली. लांबून बघणाऱ्याला वाटतं, बुटक्या लोकांची सभा भरलीय.

चाचांची हयात जहाजावर स्वयंपाकी म्हणून गेली. कुठल्या बंदरात काय शिजवलं हे सांगायला बसले की ऐकणाऱ्याची दाढी वाढते. त्यांच्या लेखी जगात दोनच ठिकाणं, जहाज आणि बाकी सगळं. तुम्ही चहा बशीत ओता नाहीतर चप्पल वाकडी काढा, "जहाजावर असं चालत नाही" हे ठरलेलं.

लेट्यूसचं पान ते कानाशी धरून मोडतात. "आवाज आला पायजे, भाऊ. मुका पाला बकरीला." मग ते पान आपल्या हातात. थंडीभर आळीतलं एकही घर सुटलं नाही. आम्ही तो बांगड्याखाली खाल्ला, भाकरीत गुंडाळून खाल्ला, पोह्यांवरसुद्धा खाल्ला. शेवटी शेजारच्या म्हशीने तोंड फिरवलं, तेव्हा कुठे आम्हाला नको म्हणायचा धीर आला.

पण थंडीतला लेट्यूस ही नुसती तालीम. खरा सामना मे महिन्याशी होता. मेमध्ये दोहाहून त्यांची नात, लेकीची पोर अलिना, यायची होती.

"गेल्या साली पोर आली," फातिमाचाचीने मला सांगितलं, "नि ताटातल्या कशाला शिवली नाय. हिरवी पानं नि पाव, एवढंच मागायची. ते इथे कुठलं? महिनाभर ऱ्हायची ती चार दिवसांत आईबरोबर मुंबैला मामाकडे गेली. तेव्हापासून यांना हे गवत लागलंय. माणसाला एक छत्री, गवताला डझनभर."

आता रत्नागिरीच्या मेमध्ये कातळावर पापड भाजून निघतो. तिथे लेट्यूसला मध्येच दांडा फुटतो आणि पानं कडू होतात. एप्रिलातच छत्र्या कमी पडल्या तेव्हा चाचांनी ओली गोणपाटं टांगली. तीही पुरेनात तेव्हा जेटीवरून बर्फ आणून खोक्यांभोवती रचला.

बर्फ मासळीचा. रात्रभर सुरमईच्या कुशीत झोपून आलेला. तासाभरात त्याचं पाणी झालं आणि त्या वासावर रत्नागिरीतली झाडून सारी मांजरं लोटली. काही तर देवरूखहून एसटीने आली असावीत. वर छत्री, बाजूला गार गोणपाट आणि खाली सुरमईचा सुगंध. मांजरांनी लेट्यूसवर गाद्या घातल्या. चाचा वल्हं घेऊन धावले. "जहाजावर असं..." एवढंच म्हणाले.

वाचली ती रोपं दांडा फुटून मेपर्यंत माझ्या खांद्याला लागली. अलिना आली त्या दिवशी चाचांनी जहाजावरचा पांढरा ॲप्रन चढवला आणि अंडं, लेट्यूस घालून पाव तिच्यासमोर ठेवला. मी वाटीभर साखर मागायच्या निमित्ताने हजर होतोच. पोरीने घास घेतला, दोनदा चावला आणि हळूच ताटाच्या कडेला काढून ठेवला.

"नाना, कडू आहे."

चाचांनी एक पान स्वतः चाखलं. मग ॲप्रनची गाठ सोडली.

चाची उठली. परसातला सगळा पाला तिने कापून आणला, उकळून पिळला आणि कांदा, सुक्या कोळंबीचे सोडे, ओलं खोबरं घालून माठाच्या भाजीसारखा परतला.

"जहाजावर असं चालत नाही," चाचा पुटपुटले.

"तुमचं जहाज बुडालं. आता गप बसा."

तांदळाच्या भाकरीबरोबर ती भाजी पानात पडली. अलिनाने आधी एक सोडा उचलला. मग थोडा पाला. मग भाकरीच मोडली. थोड्या वेळाने रिकामं ताट पुढे करून म्हणाली, "अजून आहे?"

"आवडलं?" चाचांनी भीतभीत विचारलं.

"दोहाला असं मिळत नाही, नाना. मुंबईला मामाकडे पण नाही."

चाचा उठले आणि परसात गेले. मी मागोमाग निघालो तर चाचीने अडवलं. "ऱ्हाऊ दे, भाऊ. डोळ्यात ऊन गेलं असेल त्यांच्या."

दारातून दिसत होतं. खोकी सगळी रिकामी, आणि चाचा त्यांच्यावर छत्री धरून पाठमोरे उभे.