हडळीनं केलेला सौदा

जावयानं सासूला तोंड बंद ठेवायला सांगावं, ही कुठली रीत? पार्बताबाईंचं डोकं सकाळपासून तापलं होतं. पण धोंड्याचा महिना, जावई मागेल ते द्यायचं. शालिकरामानं ना अंगठी मागितली, ना धोतरजोडी. अमरावतीला सिनेमाच्या तंबूत यंत्र चालवता चालवता त्याच्याच डोक्यात भूत शिरलं होतं. विहिरीवरच्या हडळीची जुनी गोष्ट त्याला मुक्या चित्रात उतरवायची होती, आणि हडळ म्हणून हवी होती सासू.

"मामी, रीळ इतकंच उरलं आहे. मी या कॅमेऱ्याचा दांडा फिरवतो तवरीक ओठ हालवू नका. हडळ बोलत नसते."

"न बोलनारी बाई हडळच असंन!" म्हणत त्यांनी तोंडाला तांदळाचं पीठ फासलं, केस मोकळे सोडले आणि भर दुपारी विहिरीवर उभ्या राहिल्या. शालिकराम संत्र्याच्या झाडाआड लपून दांडा फिरवू लागला.

तेवढ्यात बांधावरून आला उत्तमराव, वरूडचा संत्र्यांचा व्यापारी. बाकीच्या व्यापाऱ्यांनी यंदा पाठ फिरवली होती. हाही परतला, तर पार्बताबाईंच्या बगीच्यातली पिकलेली संत्री झाडाखालीच कुजणार होती.

"राम राम, बाई!"

बाई गप्प. उत्तमराव चपापला. या बाईची जीभ एरवी त्याच्या आधी बांधावर पोचायची.

"मी भाव सांगाले आलो होतो..." त्यानं भाव सांगितला. असा की पार्बताबाईंनी त्याच्या सात पिढ्या उद्धरल्या असत्या. पण झाडाआड दांडा फिरत होता. त्यांनी नुसते डोळे वटारले.

"बरं, थोडा वाढवतो! रागावू नका!"

त्यांनी दात आवळले. गालावरचं पीठ तडकून खाली पडलं.

"अगा माय! बाईले हडळ लागली!" उत्तमराव मागं मागं सरकू लागला. "अखीन वाढवतो! लेकराबाळाचा धनी आहो मी!"

हा पळतो की काय, या धास्तीनं बाईंनी त्याला थांबवायला हात वर केला. उत्तमरावानं शेवटचा भाव ओरडून सांगितला, बयान्याचे पैसे विहिरीच्या काठावर टाकले, वहाणा हातात घेतल्या आणि धूम ठोकली.

शालिकराम नाचतच बाहेर आला. "मामी, उत्तमरावबी चित्रात आले! असं भ्यालेलं मानूस साऱ्या अमरावतीत भेटलं नसतं!"

पार्बताबाईंनी लगडलेल्या झाडांकडे पाहिलं. डोळे भरून आले, पीठ ओघळलं. मग पदरानं तोंड पुसून त्या ठसक्यात म्हणाल्या, "जवाईबुवा, तुमी येडे आहा, हे मी लगनातच बोलली होती. पन या येड्याले पोरगी देल्ली, हे शहानपनाचं काम माह्याच हातून झालं बरं!"