अप्पांचे बारा शुभेच्छुक

हे आजवर बायकोलाही सांगितलेलं नाही. आमच्या अप्पांना मी मारलं. भर देवपुरात, दहा बाय आठच्या फ्लेक्सवर.

अप्पा म्हणजे आमच्या गल्लीतले कलावंत. चित्रं काढतात, मुखवटे करतात, फोटो काढतात. आणि या सगळ्यात माणूस एकच, ते स्वतः. कधी फेट्यातले पाटील, कधी खाकीतले हवालदार, कधी चक्क नवरी. गळ्यात आरसा अडकवून भाजीबाजारात उभे राहतात आणि बघायला थांबेल त्याला विचारतात, "सांग भाऊ, मी कोन शे?" एकदा भाजीवाली म्हणाली, "गिऱ्हाईक शे का? नही तं सरक बाजूले!" अप्पांनी ते वहीत टिपून घेतलं. "अभिप्राय आहे तो!"

मी फ्लेक्सच्या दुकानात डिझाईन करतो. तेव्हा शेठने मला बजावलेलं होतं, आणखी एक चूक झाली की घरी. त्याच आठवड्यात अप्पा पेनड्राइव्ह घेऊन आले. पन्नासाव्या वाढदिवसाचा बॅनर हवा होता. मध्ये गॉगल लावून, मोबाइल कानाला धरून अप्पा. खाली बारा शुभेच्छुक. बाराही गोलांत अप्पाच.

"अप्पा, एखादा तरी दुसरा माणूस घ्या की!"

"कोन देस फोटो?" ते हसले. मीही हसलो.

आमच्या धंद्यात कोरी फाईल कोणी उघडत नाही. आधीच्या गिऱ्हाइकाची उघडायची, फोटो बदलायचे, नाव बदलायचं, छापायचं. आधीचं गिऱ्हाईक नेमकं वारलेलं. मी फोटो बदलले, नाव बदललं आणि जेवायला गेलो. दुसऱ्या दिवशी चौकात बॅनर : भावपूर्ण श्रद्धांजली. दिवंगत अप्पा फोनवर बोलतायत, खाली शोकाकुल म्हणून बारा अप्पा, त्यात एक नवरी.

देवपूर खो-खो हसलं. ही अप्पांचीच नवी कला, असं सगळ्यांनी ठरवून टाकलं. मी गप्प बसलो.

पण कोणीतरी तो फोटो चाळीसगावला अक्कांना पाठवला. अक्का अप्पांची थोरली बहीण. त्यांचा लग्नाचा शालू नेसून अप्पांनी तो नवरीचा फोटो काढला, तेव्हापासून अबोला. मिळेल त्या गाडीने त्या रडत आल्या. अप्पा ओट्यावर केळं खात बसलेले. बॅनर उतरवायला आलेला मी शिडी धरून शेजारी.

अक्कांनी चप्पलच काढली. "मरानं नाटक करस? आते खरंच मरना तरी मी येत नही!"

मी तोंड उघडलं. अप्पांनी माझा हात दाबला. "अक्का, कला शे ती."

अक्का आल्या पावली परत गेल्या.

"अप्पा, चूक माझी होती..."

"माले माहीत शे. शेठ काढी टाकता तुले." अक्कांची रिक्षा वळली तिकडे ते बघत राहिले. मग हळूच विचारलं, "पन चाळीसगावपासून रडत उनी ना रे ती?"

अप्पा अजून फोन करतात, अक्का उचलत नाहीत. चाळीसगाव इथून दीड तासावर आहे. ते नाटक नव्हतं, चूक माझी होती, एवढंच अक्कांना समोर बसून सांगायचंय. दोन वर्षं झाली, मी गेलेलो नाही. अप्पांचं एवढं देणं माझ्यावर आहे.